जुन्या चित्रफितीशेजारी एकट्याने उभे राहिल्यावर प्रेक्षकांची नजर कशी धरावी?

गोदाकाठची, नाशिक (प्रश्न)

सर्वांना नमस्कार. मी गेली चौदा वर्षे नाशिकच्या हौशी रंगभूमीवर काम करते आहे आणि सध्या पन्नास मिनिटांचा एक एकपात्री प्रयोग बसवते आहे. या प्रयोगात माझ्याबरोबर दुसरे कोणतेही पात्र नाही. माझ्यामागे एक पडदा आहे आणि त्यावर दोन जुन्या चित्रफिती येतात. पहिली म्हणजे दादासाहेब फाळके यांच्या १९१९ सालच्या ‘कालिया मर्दन’ या मूकपटाची सुरुवात. तिथे त्यांची सात-आठ वर्षांची मुलगी मंदाकिनी कॅमेऱ्यासमोर नुसता चेहरा धरून एकामागून एक भाव दाखवते आणि मग तीच मुलगी कृष्णाच्या वेषात दिसू लागते. दुसरी फीत आमच्या घरची आहे. मोठ्या मामांनी सुपर ८ या घरगुती चित्रीकरणाच्या कॅमेऱ्यावर गोदाघाट चित्रित केला होता, त्यातले एक रीळ शाबूत राहिले. त्यात तिथल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीच्या बाजूने घेतलेला घाट आहे, धुणे धुणाऱ्या बायका आहेत आणि त्यांत माझी आजी आहे.

आतापर्यंत ओळखीच्या मंडळींसमोर तीन चाचणी प्रयोग झाले. तिन्ही वेळा प्रयोगानंतर लोक भरभरून बोलले, पण ते मंदाकिनीबद्दल आणि घाटाबद्दल. मी काय केले ते कोणालाच नीट आठवत नव्हते. एका बाईंनी तर मला मनापासून विचारले, की तुम्ही तिथे उभ्या का होता. त्या प्रश्नाचा राग आला नाही, परंतु त्यानंतर दोन रात्री झोप लागली नाही, कारण उत्तर माझ्याकडेही नव्हते. पहिल्या प्रयोगात मी मंदाकिनीच्या भावांबरोबर तेच भाव माझ्या चेहऱ्यावर आणत होते. दुसऱ्यात मी ते सोडून दिले आणि तिच्याकडे बघत तिच्याशी बोलू लागले. तिसऱ्यात आवाज चढवला. दर वेळी मी थोडी अधिकच पुसली गेले.

आणखी दोन अडचणी आहेत. मंदाकिनीच्या हालचाली पडद्यावर इतक्या भरभर होतात, की प्रेक्षक हसतात. त्या मुलीचे काम हसण्याजोगे नाही आणि ते हसू मला फार लागते. दुसरे असे, की घाटाचे दृश्य सुरू होताच सभागृहात कुजबूज होते, ‘हा बघ मारुती’, ‘इथे पूल नव्हता तेव्हा’, आणि त्या गडबडीत माझी तीन-चार वाक्ये वाहून जातात. या फिती वापरण्याच्या परवानगीविषयीही कोणी सांगू शकेल तर बरे होईल.

रीळवाला, नाशिकरोड

ताई, मी सव्वीस वर्षे एकपडदा चित्रपटगृहात प्रोजेक्टर चालवला आहे आणि नंतर बरीच वर्षे फिल्म सोसायटीच्या खेळांचे काम पाहिले आहे. अभिनयाबद्दल सांगण्याचा माझा अधिकार नाही, पण त्या हसण्याचा उगम मला ठाऊक आहे आणि तो दुरुस्त करता येतो.

मूकपटाच्या काळात कॅमेरा हाताने फिरवत असत. सेकंदाला सोळा ते अठरा चौकटी, म्हणजे फितीवरची एकेक स्थिर चित्रे, ही साधारण गती होती, पण ती फिरवणाऱ्याच्या हातावर अवलंबून असे. बोलपट आल्यावर ध्वनीसाठी गती पक्की असणे आवश्यक झाले आणि चोवीस चौकटी ठरल्या. सोळाच्या गतीने घेतलेले दृश्य चोवीसच्या गतीने दाखवले, की ते दीडपट वेगाने पळते, आणि माणूस कळसूत्री बाहुलीसारखा दिसू लागतो. आपल्या पिढ्यांनी मूकपट असेच पाहिले, म्हणून जुने लोक असेच झटके देत चालत असावेत अशी एक समजूतच होऊन बसली आहे. पस्तीस मिलिमीटरच्या फितीत एका फुटात सोळा चौकटी असतात. म्हणजे सोळाच्या गतीने एका सेकंदाला बरोबर एक फूट फीत जाते. हजार फुटांचे रीळ त्या गतीने सोळा मिनिटे चाळीस सेकंद चालते, तर चोवीसच्या गतीने अकरा मिनिटांच्या आसपास संपते. मुलीच्या अभिनयातला तिसरा हिस्सा वेळ अशा रीतीने नाहीसा होतो, आणि भावाला वेळच उरला नाही तर राहतो तो नुसता चाळा.

योग्य गती शोधण्यासाठी चेहऱ्याकडे पाहू नका. पडणारे पाणी पाहा, किंवा उडी मारणारे मूल. पाणी पडायला तेव्हा जेवढा वेळ लागत होता तेवढाच आजही लागतो. तुमच्या घरच्या रिळात कोणी तांब्याने पाणी ओतत असेल, तर घरी तसाच तांब्या तेवढ्याच उंचीवरून ओता आणि दोन्ही शेजारी ठेवून गती जुळवा. सुपर ८ची नेहमीची गती अठरा चौकटींची असे आणि पन्नास फुटांचे रीळ त्या गतीने तीन मिनिटे वीस सेकंद चालते. तुमच्या रिळाची डिजिटलमध्ये रूपांतरित प्रत यापेक्षा बरीच लवकर संपत असेल, तर रूपांतर करणाऱ्याने घाई केली आहे असे समजा. फाळक्यांच्या फितीसाठी संकलकाला सांगून ती सेकंदाला सोळा पूर्णांक दोन तृतीयांश चौकटींवर बसवून घ्या आणि प्रोजेक्टरला ५० हर्ट्झवर, म्हणजे सेकंदाला पन्नास वेळा, चित्र द्या. मग प्रत्येक चौकट नेमकी तीनदा दिसते आणि हालचालीत अडखळ राहत नाही. मधल्या चौकटी संगणकाकडून नव्याने घडवून घेऊन दृश्य ‘गुळगुळीत’ करण्याचा मोह मात्र टाळावा. त्या चौकटी कोणत्याही कॅमेऱ्याने पाहिलेल्या नसतात, आणि त्यामुळे मुलीच्या गालावर जी तकाकी येते ती मला बघवत नाही.

पडद्यावरच्या चित्राचे रुंदी-उंचीचे प्रमाण चारास तीनच ठेवा. सभागृहातले ऑपरेटर सवयीने चित्र ताणून सोळास नऊ करतात आणि मग घाटावरच्या सगळ्या बायका बुटक्या आणि रुंद दिसतात. शेवटची गोष्ट काळ्या रंगाची. डिजिटल प्रोजेक्टरचा काळा हा खरा काळा नसतो. फीत संपली तरी तुमच्यामागे एक करडा चौकोन उजळत राहतो आणि प्रेक्षक त्याच्याकडे बघत बसतात. प्रोजेक्टर बंद करून पुन्हा लावण्यात मिनिटे जातात, म्हणून भिंगासमोर पुठ्ठ्याची एक झडप दोरीवर बसवा आणि फीत संपताच ती पाडायला एक माणूस ठेवा. एका गावच्या प्रयोगात झडप नव्हती म्हणून नटाच्या मृत्यूच्या प्रवेशात मागे ‘सिग्नल नाही’ अशी निळी पाटी झळकलेली मी पाहिली आहे. तो नट बिचारा तसाच पडून राहिला, पण प्रवेश हातचा गेला.

सोंगकरी, पेठ तालुका

ताईंचा प्रश्न मी दोन दिवस मनात घोळवला. रीळवाल्या काकांनी जे सांगितले ते आधी करावे, कारण ते केल्याशिवाय बाकीचे कळणार नाही. परंतु गती दुरुस्त झाल्यावर मंदाकिनी अधिकच सुंदर दिसेल आणि तुम्ही आणखी पुसल्या जाल, हेही लक्षात घ्या.

तुमच्या लिहिण्यात एक वाक्य आहे: ‘तिच्याकडे बघत तिच्याशी बोलू लागले’. माझ्या मते दुखणे तिथे आहे. रंगमंचावर एकटा माणूस जिकडे बघतो तिकडे अख्खे सभागृह बघते. फाळके चित्रपटाकडे वळण्यापूर्वी जादूचे प्रयोग करत असत आणि स्वतःचे आडनाव उलटे करून ‘प्रोफेसर केळफा’ हे नाव घेत असत. जादूगाराला ही गोष्ट सर्वांत आधी शिकावी लागते. ज्या हातात नाणे लपवले आहे त्या हाताकडे तो स्वतः कधीच बघत नाही. रिकाम्या हाताकडे बघतो, आणि लोकही रिकाम्या हाताकडेच बघतात. तुम्ही पूर्ण वेळ पडद्याकडे बघत असाल, तर लोकांना तिकडे पाठवण्याचे काम तुम्हीच चोख करत आहात. शिवाय पडद्यावरची मुलगी तुमच्याकडे कधीच बघणार नाही. जिवंत सहकलाकार निदान तुमच्या वाक्यावर मान तरी वळवतो. इथे एकीने सारखे बघायचे आणि दुसरीने कधीच बघायचे नाही, म्हणजे रंगमंचावर एक नटी आणि तिच्याशेजारी एक प्रेक्षक असे चित्र होते. त्या बाईंनी तुम्हाला विचारले ते याच अर्थाने असावे.

माझे बोलणे आमच्याकडच्या बोहाड्यावर आधारलेले आहे. पेठ, सुरगाणा, त्र्यंबक या पट्ट्यात देवदेवतांचे आणि राक्षसांचे मुखवटे चढवून सोंगे नाचवतात, हे नाशिककरांना माहीत असेल. मी लहानपणापासून सोंग घेतो. मुखवट्याचा चेहरा बदलत नाही. त्याचे डोळे तेवढेच वटारलेले, ओठ तेवढेच फाकलेले. पण सांबळाच्या एका चालीवर मान किंचित खाली गेली, की तोच मुखवटा खिन्न वाटतो आणि खांदा मागे घेतला, की तोच रागावलेला वाटतो. पाहणाऱ्याला वाटते मुखवटा बदलला. बदललेले असते शरीर. तुमची चित्रफीत मला अशा मुखवट्यासारखी वाटते. ती रोज तेवढीच आणि तशीच असणार. मंदाकिनी आज रात्री जेव्हा हसेल तेव्हाच उद्याही हसेल. बदलायचे ते तुमच्या बाजूने. तिचे हसू एके दिवशी निरागस वाटेल आणि एके दिवशी त्यात वडिलांच्या धाकाची सावली दिसेल, ते तुम्ही आधीच्या वाक्यात काय ठेवून गेलात यावर ठरेल. तिच्या भावांची नक्कल केल्याने हे होणार नाही, कारण नक्कल म्हणजे एकावर एक चढवलेले दोन मुखवटे.

म्हणून एक करून पाहा. ती पडद्यावर आली, की तुम्ही खाली बसा, एका कडेला, आणि हातांना एखादे खरे काम द्या. काम असे हवे, की त्यात चूक होऊ शकते आणि नजर त्याच्यावर ठेवावी लागते. पडद्याकडे बघू नका. तिचे पाच-सहा भाव तुमच्या पाठीमागे होऊ द्या. मग एकदाच, कोणत्या भावावर ते तुम्ही ठरवा, हात थांबवून मागे वळून बघा. ते बघणे तीन सेकंदांहून अधिक नसावे.

घाटावरच्या कुजबुजीला विरोध करू नका असे मला वाटते. पुराचे पाणी दुतोंड्या मारुतीच्या कमरेला लागले की छातीला, यावर जे शहर पूर मोजते, त्या शहराला मारुती पडद्यावर दिसल्यावर गप्प बसता येणार नाही. त्यांना तेवढा वेळ द्या. बारा-पंधरा सेकंद काहीच बोलू नका. आपापला पूल आणि आपापले दुकान शोधून झाले, की लोक आपोआप शांत होतात आणि मग आजीकडे बघतात.

संहितावाचक, गंगापूर रोड

परवानगीविषयी थोडक्यात लिहितो. मी वकिली करतो, परंतु हा सर्वसाधारण खुलासा समजावा. कागद पाहिल्याशिवाय नेमका सल्ला देता येत नाही.

१९५७च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचे संरक्षण तो प्रकाशित झाला त्याच्या पुढच्या वर्षाच्या आरंभापासून साठ वर्षे असते. १९१९ सालच्या मूकपटावरचा हक्क त्यामुळे केव्हाच संपला आहे. तरीही तीन गोष्टी तपासून घ्या. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयासारख्या संस्थेकडून चांगली प्रत घेतलीत, तर ती संस्था ज्या अटींवर प्रत देते त्या करार म्हणून तुम्हाला बंधनकारक राहतील. मूळ चित्रपट मुक्त आहे म्हणून अटी मोडता येणार नाहीत. इंटरनेटवरून उतरवलेल्या प्रतीवर पुष्कळदा कोणीतरी नवे पार्श्वसंगीत चढवलेले असते आणि त्या संगीताचा हक्क स्वतंत्र असतो. ते काढून मूकच चालवा. आणि संहिता रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे पाठवताना पडद्यावर कोणते दृश्य किती वेळ दिसणार आहे हे संहितेतच लिहा, म्हणजे नंतर कोणी शंका घेतली तर उत्तर तयार असते.

घरच्या रिळासाठी मामांकडून, ते नसतील तर त्यांच्या वारसांकडून, एका कागदावर लेखी संमती घ्या. नात्यात लेखी कशाला, असे सगळे म्हणतात आणि प्रयोगाचे नाव झाल्यावर हेच प्रश्न उभे राहतात.

एक गोष्ट तुमच्या स्वतःच्या बाजूची. तुमच्या प्रयोगाचे कोणी चित्रीकरण केले, तर त्या चित्रीकरणातल्या सादरीकरणावर कलावंत म्हणून तुमचाही हक्क असतो, तो पन्नास वर्षे टिकतो, आणि २०१२च्या दुरुस्तीनंतर तुमच्या कामाची नाव बुडेल अशी मोडतोड झाली तर हरकत घेण्याचा अधिकार तुम्हाला आहे. पुढे कधी कोणी तुमच्या चित्रफितीशेजारी उभे राहील, त्या दिवसासाठी आजच करार नीट वाचून सही करा.

पंचवटीतली एक वाचक

मला वरच्या सर्व सूचनांबद्दल आदर आहे, परंतु एक प्रश्न कोणीच विचारला नाही म्हणून लिहिते. त्या रिळात तुमच्या आजीबरोबर आणखी बायका आहेत. घाटावर धुणे धुणारी बाई भिजलेली असते, पदर खोचलेला असतो, लुगडे पोटऱ्यांपर्यंत वर घेतलेले असते. समोर ओळखीचा मुलगा कॅमेरा घेऊन उभा आहे म्हणून त्या हसल्या असतील. साठ-सत्तर अनोळखी माणसे अंधारात बसून आपल्याला बघतील हे त्यांच्या मनातही आले नसेल. माझी आईही त्याच घाटावर धुणे घेऊन जात असे आणि तिचे असे चित्र कोणी पडद्यावर लावले असते तर मला ते आवडले नसते, कायद्याने चालत असले तरी. मंदाकिनीची गोष्ट वेगळी आहे. ती लहान होती, पण आपण कॅमेऱ्यासमोर काम करत आहोत हे तिला ठाऊक होते आणि ते लोकांना दाखवण्यासाठीच होते. तुमच्या दोन फितींमध्ये हा मोठा फरक आहे आणि तुमच्या प्रयोगात तो कुठेतरी जाणवायला हवा असे मला वाटते.

सोंगकरी, पेठ तालुका

पंचवटीच्या ताईंचे म्हणणे मला पटले. मी घाटाच्या दृश्याबद्दल केवळ प्रेक्षकांच्या बाजूने विचार केला होता. सोंग घेणारा स्वतःच्या इच्छेने मुखवटा चढवतो. त्या बायकांनी तसे काही केले नव्हते.

गोदाकाठची, नाशिक

उत्तर द्यायला तीन आठवडे लागले, कारण सांगितलेले करून पाहिल्याशिवाय लिहायचे नाही असे ठरवले होते.

गती दुरुस्त करून घेतली. घरच्या रिळात खरोखरच एक बाई कळशी उपडी करते. आईच्या घरची तांब्याची कळशी घेऊन मी आणि संकलक गच्चीवर पाणी ओतत बसलो आणि चौथ्या प्रयत्नात दोन्ही पाणी एकदम खाली पोहोचले. मंदाकिनीचा चेहरा नव्या गतीने पाहिला तेव्हा एक गोष्ट प्रथमच दिसली. एक भाव संपल्यावर आणि पुढचा सुरू होण्यापूर्वी क्षणभर तिचा चेहरा रिकामा होतो. बहुधा कॅमेऱ्यामागून पुढची सूचना येण्याची ती वाट पाहत असावी. आधीच्या वेगात हा क्षण अस्तित्वातच नव्हता. मी मागे वळून बघते ते आता त्या रिकाम्या क्षणी, तिच्या कोणत्याही भावावर नाही.

हातांना वाती वळण्याचे काम दिले आहे. कापसाची वात मांडीवर वळताना नजर तिथेच ठेवावी लागते, नाहीतर ती एका टोकाला जाड होते. गेल्या रविवारच्या चाचणी प्रयोगात मंदाकिनी पडद्यावर असताना लोकांच्या माना हलताना मला कडेने दिसत होत्या, पडद्याकडून माझ्या हातांकडे आणि परत. हसले कोणीच नाही. सोंगकरी दादा, मी वळून बघितले तेव्हा सभागृहात जी शांतता झाली ती मला चौदा वर्षांत फार थोड्या वेळा मिळाली आहे. आभार कसे मानावेत कळत नाही. पेठला बोहाडा असेल तेव्हा येईन.

मारुतीसाठी पंधरा सेकंद दिले. पहिल्या खेपेस ते पंधरा सेकंद मला पंधरा मिनिटांसारखे वाटले आणि दहाव्या सेकंदालाच मी बोलून गेले. पुन्हा सराव करते आहे.

पंचवटीच्या ताईंचे पत्र आईला वाचून दाखवले. आईने ते रीळ पुन्हा लावायला सांगितले आणि प्रत्येक बाईपाशी थांबवून नावे सांगितली. अकरापैकी सात जणी तिला ओळखता आल्या. दोघींच्या घरी आम्ही जाऊन आलो. एका घरी आनंदाने हो म्हणाले, दुसऱ्या घरी सुनेने नको म्हटले आणि त्यांचे म्हणणे योग्यच होते. त्यानंतर मी तीन मिनिटे वीस सेकंदांतले फक्त चाळीस सेकंद ठेवले. आधी मारुती आणि रिकाम्या पायऱ्या, आणि मग आजीचे हात. ती लुगड्याचे एक टोक पायाखाली दाबून दुसरे टोक पिळते आहे आणि पाणी पायरीवरून खाली उतरते आहे. चेहरा चौकटीबाहेर आहे. त्यानंतर झडप पडते, पडदा खरोखरच काळा होतो, आणि बाकीच्या दहा जणींविषयी जे सांगायचे ते मी अंधारात सांगते.

रीळवाले काका, झडपेची दोरी करकरते. तिला मेण लावू की दोरीच बदलू?

रीळवाला, नाशिकरोड

दोरी बदला. सुती वापरा, नायलॉनची नको, आणि कप्पीच्या जागी शिलाई मशीनची लाकडी रिकामी रिळी बसवा. प्रयोगाची तारीख इथे कळवा, झडप पाडायला मी स्वतः येतो.